ऑल इंग्लंडचे छप्पर आणि कुणकेश्वरचा वारा

कुणकेश्वर (ता. देवगड) : बॅडमिंटनच्या जगात मार्च हा ऑल इंग्लंडचा महिना. १८९९ साली सुरू झालेल्या या स्पर्धेला २०२४ मध्ये सव्वाशे वर्षे पूर्ण झाली. मधल्या काळात १९१५ ते १९१९ आणि १९४० ते १९४६ अशी दोन महायुद्धांची खिंडारे पडली. त्यापलीकडे ही स्पर्धा अखंड चालू राहिली आहे. कोकणच्या किनाऱ्यावर महाशिवरात्रीची यात्रा उरकावी, आंब्यावर फवारण्या चालू असाव्यात आणि इंग्लंडात या स्पर्धेचे ढोल वाजू लागावेत, असे दरवर्षी घडते. त्या आठवड्यात आपल्या वृत्तपत्रांत एक प्रश्न हमखास विचारला जातो : प्रकाश पदुकोण आणि पुल्लेला गोपीचंद यांच्यानंतर कोण? प्रश्न वाजवी आहे. पण महाराष्ट्राने स्वतःला विचारावयाचा प्रश्न त्याहून वेगळा आणि थोडा अवघड आहे. ज्या खेळाला एके काळी 'पूना' या नावाने ओळखले जात होते, ज्या राज्याने देशाला नंदू नाटेकर दिले, त्या राज्याला ऑल इंग्लंडच्या अंतिम विजयाने सव्वाशे वर्षे हुलकावणी का दिली? या प्रश्नाचे उत्तर मनगटात किंवा जिद्दीत शोधण्यापेक्षा छपरात शोधावे, असे या स्पर्धेचा इतिहास चाळताना वाटू लागते.

बॅडमिंटनचा जन्म पुण्यात झाला, असे सांगण्याची आपल्याकडे पद्धत आहे. पुणेकरांना ते सांगावेही लागत नाही, ते गृहीतच धरलेले असते. वस्तुस्थिती थोडी गुंतागुंतीची आहे. पिसांचे फूल फळीने किंवा रॅकेटने हवेत झेलत ठेवण्याचा पोरखेळ युरोपातही जुना होता आणि आशियातही. पुण्याच्या छावणीतील ब्रिटिश अधिकाऱ्यांनी १८६० ते ७० च्या दशकांत मध्ये जाळे लावून त्याला चढाओढीचे रूप दिले. त्याच सुमारास ग्लॉस्टरशायरमधील ड्यूक ऑफ बोफोर्ट यांच्या 'बॅडमिंटन हाऊस'चे नाव त्याला चिकटले. खेळाचे लेखी नियम १८७७ साली कराचीत छापले गेले. म्हणजे पुणे, कराची आणि इंग्लंडमधील एक सरदारी वाडा अशा तीन ठिकाणी या बाळाचे पाळणे हलले. पुढे निवृत्त झालेले अधिकारी मायदेशी परतले, फोकस्टन, साउथसी यांसारख्या समुद्राकाठच्या गावांत स्थायिक झाले आणि हिंदुस्थानात लागलेली सवय त्यांनी तेथे चालू ठेवली. १८९३ साली इंग्लंडमध्ये संघटना स्थापन झाली आणि सहा वर्षांनी ऑल इंग्लंड स्पर्धा आली.

यात आपल्या विषयाच्या दृष्टीने महत्त्वाचा तपशील वेगळाच आहे. पुण्यात हा खेळ प्रामुख्याने उघड्यावर खेळला जाई. वारा पडलेली संध्याकाळ पाहून जाळे लावायचे, असा मामला. इंग्लंडच्या हवेत ते शक्यच नव्हते. त्यामुळे तिकडे गेल्यावर खेळ छपराखाली शिरला आणि तेथेच त्याची प्रकृती बदलली. वाऱ्याची भीती संपल्यावर फूल हलके आणि अचूक करता आले. हलक्या हाताचा फटका, जाळ्याला चाटून जाणारा स्पर्श, हे सारे त्यानंतरचे. ४ एप्रिल १८९९ रोजी पहिली ऑल इंग्लंड झाली ती लंडनमधील बकिंगहॅम गेट येथे, लंडन स्कॉटिश रेजिमेंटच्या कवायतीच्या दालनात. एका दिवसात स्पर्धा आटोपली. फक्त दुहेरीचे आणि मिश्र दुहेरीचे सामने झाले. एकेरी दुसऱ्या वर्षी, १९०० साली आली. तेव्हाचे मैदान आजच्यासारखे आयताकृती नव्हते. मध्यभागी, म्हणजे जाळ्यापाशी ते अरुंद होते आणि दोन्ही टोकांना रुंद. शंकराच्या देवळाच्या सावलीत बसून लिहिताना त्याला डमरूचा आकार म्हणण्याचा मोह आवरत नाही. १९०१ साली हा डमरू गेला आणि सरळ रेषांचे मैदान आले.

त्यानंतरच्या जागांची यादीसुद्धा बोलकी आहे. कवायतीच्या दालनांतून ही स्पर्धा १९१० साली वेस्टमिन्स्टरच्या उद्यानविद्या संस्थेच्या सभागृहात गेली आणि तेथे १९३९ पर्यंत राहिली. युद्धानंतर हॅरिंगे, मग अर्ल्स कोर्टचा एम्प्रेस हॉल, १९५७ पासून वेम्ब्ली आणि १९९४ पासून बर्मिंगहॅम. सैनिकांची कवायत, फुलझाडांचे प्रदर्शन, बर्फावरच्या कसरती, मुष्टियुद्ध यांसाठी बांधलेल्या दालनांत बॅडमिंटनने वर्षातले चार-सहा दिवस उसने मागून घेतले. सव्वाशे वर्षांच्या या मानाच्या स्पर्धेला स्वतःच्या मालकीचे असे घर कधीच नव्हते. विम्बल्डनशी तिची तुलना करणारे हा फरक विसरतात.

भारतीयांच्या दृष्टीने स्पर्धेचा खरा इतिहास सुरू होतो तो १९४७ साली. युद्धानंतरची ती पहिली स्पर्धा. प्रकाश नाथ आणि देविंदर मोहन हे दोन भारतीय खेळाडू तिथे गेले आणि सोडतीने त्यांना अंतिम फेरीच्या अलीकडेच एकमेकांसमोर उभे केले. दोघांपैकी एकाने तरी ताजेतवाने पुढे जावे म्हणून त्यांनी सामना न खेळता नाणेफेक केली. कौल प्रकाश नाथ यांच्या बाजूने लागला आणि ते थेट अंतिम फेरीपर्यंत पोहोचले. अंतिम सामन्याच्या दिवशी सकाळी त्यांनी वर्तमानपत्र उघडले, तर त्यात लाहोर जळत असल्याची बातमी होती. त्यांचे घर लाहोरचे. स्वीडनच्या कॉनी जेप्सेनकडून ते हरले. त्या पराभवाची कारणमीमांसा करण्याची गरज कोणालाही वाटू नये. फाळणीनंतर त्यांनी स्पर्धात्मक बॅडमिंटन सोडले. भारतीय बॅडमिंटनचे पहिले मोठे पान असे फाटक्या कडेचे आहे.

यानंतरचे पान मराठी आहे. सांगलीत १९३३ साली जन्मलेले नंदू नाटेकर १९५४ मध्ये प्रथमच ऑल इंग्लंडला उतरले आणि उपांत्यपूर्व फेरीपर्यंत गेले. त्याआधी ते टेनिसमध्येही चमकले होते. राष्ट्रीय कुमार स्पर्धेच्या अंतिम फेरीत रामनाथन कृष्णन यांच्याकडून हरल्यावर त्यांनी बॅडमिंटनकडे मोहरा वळवला, हा टेनिसचा तोटा आणि आपला लाभ. १९५६ साली क्वालालंपूर येथील सेलांगोर आंतरराष्ट्रीय स्पर्धा त्यांनी जिंकली. परदेशी भूमीवर आंतरराष्ट्रीय बॅडमिंटन विजेतेपद मिळवणारे ते पहिले भारतीय. राष्ट्रीय एकेरीचा मुकुट त्यांनी सहा वेळा मिळवला आणि १९६१ साली अर्जुन पुरस्कार सुरू झाला, तेव्हा बॅडमिंटनचा पहिला मानकरी म्हणून त्यांचेच नाव आले. २८ जुलै २०२१ रोजी त्यांचे पुण्यात निधन झाले, तेव्हा त्यांचा खेळ प्रत्यक्ष पाहिलेली पिढी हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी उरली होती.

नाटेकर एकटे नव्हते. प्रा. दि. ब. देवधर यांच्या तारा, सुंदर आणि सुमन या कन्यांनी १९४० च्या दशकात राष्ट्रीय पातळीवर आपले नाव कोरले होते. पुढे मुंबईच्या अमी घिया यांनी राष्ट्रीय एकेरी सात वेळा जिंकली. प्रदीप गंधे यांनी लेरॉय डिसा यांच्या साथीने १९८२ च्या दिल्ली आशियाई स्पर्धेत दुहेरीचे कांस्यपदक मिळवले. उदय पवारांसारखे दुहेरीतले तज्ज्ञ याच शहराचे. १९९७ ते २००५ अशी सलग नऊ वर्षे राष्ट्रीय विजेती ठरलेली अपर्णा पोपट मुंबईचीच, आणि २००४ च्या अथेन्स ऑलिम्पिकमध्ये खेळलेला निखिल कानेटकर पुण्याचा. नावांची ही मालिका एखाद्या मागासलेल्या राज्याची नाही. तरीही ऑल इंग्लंडचा इतिहास लिहिताना महाराष्ट्राचा मजकूर १९५४ च्या उपांत्यपूर्व फेरीनंतर झपाट्याने विरळ होतो.

याचे कारण आपल्या जिमखान्यांच्या रचनेत आहे, असे माझे मत आहे. मुंबई-पुण्यात बॅडमिंटनचे छप्पर होते ते जिमखान्यांचे आणि क्लबांचे. त्या संस्थांनी खेळ जगवला, याबद्दल त्यांचे ऋण मान्य केलेच पाहिजे. पण ते छप्पर सभासदांचे होते. संध्याकाळ सभासदांची, रविवार सभासदांचा आणि होतकरू मुलाला मिळणार ती उरलेली वेळ. हौशी खेळाच्या काळात, म्हणजे नाटेकरांच्या काळात, एवढे पुरेसे होते. प्रतिस्पर्धी देशांतही थोड्याफार फरकाने हीच अवस्था होती. डेन्मार्कचा अर्लंड कॉप्स नोकरी सांभाळून सात वेळा ऑल इंग्लंड जिंकू शकत होता. सत्तरीच्या दशकात इंडोनेशियाने हे गणित मोडले. रुडी हार्तोनोने १९६८ ते १९७४ सलग सात वेळा आणि पुन्हा १९७६ मध्ये असे आठ मुकुट मिळवले. दिवसाकाठी सहा-सहा तास, सकाळ-संध्याकाळ, शारीरिक तयारीसह सराव, हे त्यानंतर किमान भांडवल ठरले. सभासदांच्या वेळापत्रकातून सहा तास निघत नाहीत. येथे मुंबई-पुणे मागे पडले, आणि मागे पडत असल्याचे त्यांना बराच काळ कळलेही नाही. कारण राष्ट्रीय स्पर्धांत विजय येतच होते.

मग प्रकाश पदुकोण कसे जिंकले? २३ मार्च १९८० रोजी वेम्ब्लीवर त्यांनी लिम स्वी किंगला १५-३, १५-१० असे हरवले, तेव्हा बंगळुरूमध्ये तरी कोठे आधुनिक प्रबोधिनी होती? प्रकाश यांच्या जडणघडणीत एका सभागृहाचा वाटा आहे, तो महाराष्ट्रातल्या क्रीडाधुरिणांनी मुद्दाम ध्यानात घ्यावा असा आहे. मल्लेश्वरम भागातील कॅनरा युनियन ही किनारपट्टीवरून बंगळुरूत आलेल्या कोकणीभाषक मंडळींची संस्था. तिचे सभागृह लग्नकार्यासाठी दिले जाई आणि कार्य नसेल त्या दिवशी तेथे बॅडमिंटन खेळले जाई. लग्नसराई आली की सराव बंद. अक्षता पडल्या, पंगती उठल्या, जमीन धुतली गेली की पुन्हा जाळे लावायचे. जगातील सर्वोत्तम खेळाडूंना झुलवणारा संथ, फसवा, मनगटी खेळ अशा जागेत घडला. सभागृह जिमखान्याइतके देखणे नव्हते. पण ते लांब नव्हते आणि तेथे शिरण्यासाठी मोठी शिफारस लागत नव्हती. शिवाय प्रकाश यांचे वडील रमेश पदुकोण म्हैसूरच्या संघटनेचे कार्यकर्ते होते. पदुकोण हे गाव कर्नाटकच्या किनाऱ्यावरचे, म्हणजे कुणकेश्वरच्या समोर जो समुद्र आहे त्याच समुद्राच्या काठचे, हा केवळ योगायोग, पण नोंदवण्याजोगा.

प्रकाश यांनाही घरचे छप्पर पुढे अपुरेच पडले. विजेतेपदानंतर ते कोपनहेगनला गेले आणि काही वर्षे डेन्मार्कमध्ये राहून खेळले. रोज नवा तुल्यबळ प्रतिस्पर्धी मिळणे ही सरावातील सर्वांत दुर्मीळ गोष्ट, ती भारतात नव्हती. परत आल्यावर त्यांनी १९९४ साली विमलकुमार यांच्यासह बंगळुरूत प्रबोधिनी सुरू केली आणि आपल्याला जे मिळाले नाही ते पुढच्यांना मिळेल अशी व्यवस्था केली. अपर्णा पोपट मुंबई सोडून तेथे गेली. गोपीचंदही तेथे घडला. गुडघ्याच्या शस्त्रक्रियांतून सावरलेल्या गोपीचंदने ११ मार्च २००१ रोजी चीनच्या चेन हाँगला १५-१२, १५-६ असे नमवून ऑल इंग्लंड जिंकली; त्याआधी उपांत्य फेरीत डेन्मार्कच्या पीटर गेडला त्याने १७-१४, १७-१५ असे दमवले होते. शीतपेयाची जाहिरात नाकारणारा विजेता म्हणून त्याचे तेव्हा कौतुक झाले. त्याचे अधिक मोठे काम नंतरचे. आंध्र प्रदेश सरकारकडून मिळालेल्या जमिनीवर, घर गहाण टाकून आणि देणगीदार मिळवून त्याने गच्चीबावलीत प्रबोधिनी उभारली. ती २००८ साली सुरू झाली. सायना नेहवाल, सिंधू, श्रीकांत ही नावे त्यानंतर घरोघरी पोहोचली. सायना २०१५ साली ऑल इंग्लंडच्या अंतिम फेरीत गेली आणि कॅरोलिना मारिनविरुद्ध पहिला गेम जिंकूनही हरली.

आता महाराष्ट्रातील गुणवत्तेचे काय होते, ते पाहा. चिराग शेट्टी मुंबईच्या पश्चिम उपनगरांतला. गोरेगावात उदय पवारांच्या हाताखाली त्याने प्राथमिक धडे गिरवले आणि पुढच्या टप्प्यासाठी हैदराबाद गाठले. नागपूरची मालविका बनसोड सरावासाठी रायपूरला गेली. मुलाने अथवा मुलीने घर सोडून परप्रांतात सराव करावा यात गैर काही नाही. खेळाडूला जेथे तुल्यबळ सोबती मिळेल तेथे त्याने जावे. पण ज्या राज्यात बालेवाडीसारखे संकुल १९९४ च्या राष्ट्रीय क्रीडा स्पर्धांसाठी उभे राहिले, जेथे २००८ मध्ये जागतिक कनिष्ठ बॅडमिंटन स्पर्धा भरली आणि सायनाने ती जिंकली, त्या राज्यातून खेळाडू बाहेर जातात आणि बाहेरून तितके आत येत नाहीत, हा हिशेब तोट्याचा आहे. छप्पर उभे करणे आणि त्या छपराखाली पहाटे साडेपाचला दिवे लावून उभा राहणारा प्रशिक्षक मिळवणे या दोन निराळ्या गोष्टी आहेत. पहिलीला निविदा लागते, दुसरीला माणूस. ठाणे महापालिकेच्या सय्यद मोदी बॅडमिंटन प्रशिक्षण योजनेत श्रीकांत वाड यांनी वर्षानुवर्षे जे केले, ते या दुसऱ्या प्रकारात मोडते. एका नगराच्या पालिकेने आपल्या सभागृहाची दारे मुलांना उघडली आणि एक माणूस तेथे टिकून राहिला, एवढ्याने किती फरक पडतो हे तेथे दिसले. असा प्रयोग इतर पालिकांनी का उचलला नाही, हे विचारावयास हवे.

१५ मे २०२२ हा भारतीय बॅडमिंटनचा सर्वांत मोठा दिवस म्हणावा लागेल. बँकॉकमध्ये भारताने चौदा वेळच्या विजेत्या इंडोनेशियाला ३-० असे हरवून थॉमस चषक जिंकला. त्या दिवशी जे खेळाडू कोर्टवर होते त्यांच्या गावांची नावे वाचली, तर आपल्या प्रश्नाचे निम्मे उत्तर मिळते. लक्ष्य सेन उत्तराखंडमधील अल्मोड्याचा. सात्विकसाईराज रंकीरेड्डी आंध्रच्या अमलापुरमचा. किदांबी श्रीकांत गुंटूर-गोदावरी पट्ट्यातला. महानगरातून आलेला एकटा चिराग. सात्विक-चिराग जोडीने मोहम्मद अहसान आणि केविन संजया सुकामुल्यो यांना १८-२१, २३-२१, २१-१९ असे हरवले. त्या सामन्यात विजय भारताच्या हातून किती वेळा निसटत होता, ते ज्यांनी पाहिले त्यांना सांगावयास नको. त्याच वर्षी मार्चमध्ये लक्ष्य ऑल इंग्लंडच्या अंतिम फेरीत व्हिक्टर अ‍ॅक्सेलसनशी खेळला होता.

अमलापुरम हे नाव सिंधुदुर्गाच्या माणसाने नकाशावर शोधून पाहावे. गोदावरीच्या मुखाशी वसलेला तो कोनसीमा प्रदेश. नारळाच्या बागा, खाड्या, भातशेती, समुद्रावरून येणारी वादळे. वर्णन वाचून देवगड-मालवणचा माणूस म्हणेल, हे तर आमचेच. सात्विकचे वडील शारीरिक शिक्षणाचे शिक्षक आणि स्वतः खेळाडू. तेथून तो हैदराबादच्या प्रबोधिनीत गेला आणि तेथे टॅन किम हर या मलेशियन प्रशिक्षकाने त्याची चिरागशी जोडी लावली. अल्मोड्याची कथा याच वळणाची आहे. डोंगरातले छोटे शहर, आजोबांपासून घरात खेळ, वडील डी. के. सेन प्रशिक्षक, गावात खेळण्यापुरते बंदिस्त मैदान, आणि मग वयाच्या दहाव्या वर्षाच्या आसपास बंगळुरू. श्रीकांत राज्य सरकारच्या विशाखापट्टणम आणि खम्मम येथील केंद्रांतून पुढे सरकला. या तिघांच्या प्रवासात एक समान पायरी आहे : गाव आणि प्रबोधिनी यांच्या मधली. महानगराबाहेरच्या मुलाला पहिली चार-पाच वर्षे खेळता येईल असे साधे छप्पर आणि शिकवणारे एक माणूस. आपल्याकडे पहिली पायरी आहे, शेवटची थोडीफार आहे. मधली पायरी बहुतेक जिल्ह्यांत तुटलेली आहे.

कुणकेश्वरला हे सारे लिहीत बसण्याचे प्रयोजन एवढेच की, बॅडमिंटन म्हणजे काय नव्हे, ते येथे सर्वांत स्पष्ट कळते. देवळाच्या मागे समुद्र. दुपारनंतर जो वारा सुटतो त्याला अडवण्यासारखे मध्ये काहीही नाही. बॅडमिंटनचे फूल सोळा पिसांचे आणि ४.७४ ते ५.५० ग्रॅम वजनाचे. अशा वाऱ्यात ते मारावे लागत नाही, आपणच जाते. थंडीच्या दिवसांत कोकणातल्या वाड्यावाड्यांतून रात्री दिवे लावून जाळे बांधले जाते, पोरे प्लास्टिकच्या फुलाने जोरजोरात खेळतात, गावगप्पा होतात. तो आनंद खरा आहे आणि त्याची टिंगल करण्याचे कारण नाही. पण त्या खेळातून ऑल इंग्लंडची वाट निघत नाही. वाऱ्यात वाढलेला हात फूल दाबून मारायला शिकतो, सोडून द्यायला शिकत नाही. दीडशे वर्षांपूर्वी पुण्याच्या छावणीत जो खेळ खेळला जाई, तोच जवळपास तसाच आपल्या किनाऱ्यावर शिल्लक आहे. बाकीचे जग छपराखाली निघून गेले.

सिंधुदुर्ग हा काही उपेक्षित म्हणून रडगाणे गाणारा जिल्हा नाही. १९९७ साली तो पर्यटन जिल्हा म्हणून जाहीर झाला, रेल्वे आली, विमानतळ झाला. मात्र २००१ ते २०११ या दशकात त्याची लोकसंख्या सुमारे दोन टक्क्यांनी घटली, आणि घटली ती प्रामुख्याने कामाच्या वयाची माणसे मुंबई-पुण्याकडे गेल्याने. जे चाकरमानी झाले त्यांची मुले उपनगरांतल्या महागड्या कोर्टांवर तासाच्या दराने बॅडमिंटन खेळतात. जे मागे राहिले त्यांच्या मुलांसाठी अंडरआर्म क्रिकेट आणि कबड्डी आहे. कबड्डी उत्तम, तिला छप्पर लागत नाही. पण खेळाची निवड मुलाच्या अंगच्या गुणाने व्हावी. गावात इमारत आहे की नाही, यावरून नव्हे.

राज्याच्या क्रीडा धोरणात विभाग, जिल्हा आणि तालुका अशा तीन पातळ्यांवर क्रीडा संकुलांची योजना आहे. कागदावर ती निर्दोष आहे. किनारपट्टीवर तिचा कस वेगळ्या ठिकाणी लागतो. खाऱ्या हवेत पत्रा आणि दिव्यांच्या चौकटी गंजतात. पावसाळ्याच्या चार महिन्यांत लाकडी तक्तपोशी फुगते आणि एकदा का ती उचलली गेली की कोर्ट संपले. पिसांची फुले ओलाव्याने जड होतात. म्हणजे येथे बांधकामाच्या खर्चाइतकाच वार्षिक देखभालीचा खर्च महत्त्वाचा, आणि आपल्या अंदाजपत्रकांना पहिला आकडा आवडतो, दुसरा आवडत नाही. फीत कापण्याचा समारंभ बांधकामाला असतो. गळकी जागा बुजवण्याला नसतो. त्यात पिसांच्या फुलांचे भाव २०२४-२५ मध्ये जगभर चढले. बदके आणि हंस यांच्या पिसांचा चीनमधील पुरवठा आक्रसल्याचा तो परिणाम. सरावात एका दिवसात फुलांचा डबाच्या डबा संपतो. मच्छीमाराच्या किंवा बागायतदाराच्या गड्याच्या मुलाने तो खर्च कोठून करावा? यावर उपाय म्हणून सुरुवातीची वर्षे चांगल्या प्रतीच्या कृत्रिम फुलावर काढता येतात. शुद्धतावादी प्रशिक्षक नाक मुरडतील, त्यांना मुरडू द्यावे.

नवी इमारत येईपर्यंत वाट पाहण्याचेही कारण नाही. कॅनरा युनियनचा धडा तोच आहे. कोकणात गेल्या वीस-पंचवीस वर्षांत मंगल कार्यालये, देवस्थानांची सभागृहे, शाळांची बंदिस्त दालने बरीच झाली. यात्रा आणि लग्नसराई सोडली तर त्यांतली अनेक वर्षातील कितीतरी दिवस कुलूपबंद असतात. कोर्टाला लागते ते १३.४० मीटर लांब आणि ६.१० मीटर रुंद एवढे क्षेत्र, भोवती थोडी मोकळी जागा आणि डोक्यावर अडथळा नसलेली उंची. मोठ्या आंतरराष्ट्रीय सामन्यांसाठी बारा मीटर उंची मागतात. दहा वर्षांच्या मुलाला शिकवण्यास त्याहून पुष्कळ कमी चालते. गुंडाळून ठेवता येणारी कृत्रिम चटई, दोन खांब, बाजूने लावलेले दिवे. लग्नाच्या दिवशी चटई गुंडाळावी, दुसऱ्या दिवशी पसरावी. यासाठी लागणारा पैसा एका मोठ्या क्रिकेट स्पर्धेच्या बक्षिसांत आणि ध्वनिक्षेपकांत सहज खर्च होतो.

अडचण पैशाची कमी आणि परवानगीची अधिक आहे. सभागृहाची किल्ली कोणाकडे राहणार, विजेचे बिल कोण भरणार, मुलगी संध्याकाळी सात वाजता सराव संपवून दुसऱ्या वाडीत कशी जाणार, फरशीवर ओरखडे पडले तर विश्वस्तांच्या सभेत कोण उत्तर देणार, हे प्रश्न क्षुल्लक वाटतात. प्रत्येक चांगली योजना मरते ती याच प्रश्नांवर. शहरात राहणाऱ्या गावकरी मंडळांनी, म्हणजे दर मे महिन्यात आणि गणपतीत ज्यांची वर्गणी गावाकडे येते त्यांनी, मंदिराच्या रंगकामाबरोबर हाही विषय सभेत घ्यावा. निवृत्त क्रीडाशिक्षक तालुक्यात आहेत. त्यांना मानधन द्यावे आणि उन्हाळ्याच्या सुटीपुरते नव्हे, तर बारमाही द्यावे. जिल्हा संघटनेने वर्षातून दोनदा येऊन मुले पाहावीत आणि निवडक मुलांना ठाणे-पुण्यापर्यंत पोहोचवण्याची हमी घ्यावी. पुढचे हैदराबाद-बंगळुरू तेथून दूर नाही.

येत्या मे महिन्यात चाकरमानी गावी येतील, तेव्हा लग्नसराई भरात असेल आणि सभागृहे भरलेली असतील. चटई अंथरायला जागा मिळेल ती जूनमध्ये, पाऊस सुरू झाल्यावर, मासेमारी बंद असताना आणि शाळा नुकत्याच उघडलेल्या असताना. किनाऱ्यावरच्या मुलांच्या हाती सर्वाधिक मोकळा वेळ असतो आणि बाहेर खेळण्याजोगे मैदान नसते, असे वर्षातील ते चार महिने आहेत.